डोली पाठवा, सार्जंट

रूबेन गार्बट सरहद्दीवर तिराहच्या डोंगरात लढताना पडल्याची खबर नौशेऱ्याच्या छावणीत आली, तेव्हा त्याची बायको किझाया शिपायांच्या शर्टांना बटणं लावत बसली होती. खबर आणणारा कारकून दारातच थांबला. त्याने डोक्यावरची टोपी काढली, आणि तिला कळायचं ते कळलं. पुढचं तिने ऐकलं न ऐकलं. ‘डोक्यात गोळी लागली, जागच्या जागी गेला, त्रास काही झाला नाही,’ एवढं मात्र तिच्या कानात राहिलं. पुढचे चार-पाच महिने ती त्या एका वाक्याच्या आधारावर जगली.

पलटणीतल्या बायकांचा कायदा साधा होता. नवरा आहे तोवर खोली आहे, शिधा आहे, मुलांना शाळा आहे. नवरा गेला की सहा महिने अर्ध्या शिध्यावर काढायचे आणि मग मुंबईहून मिळेल ती आगबोट धरायची. किझायाचं विलायतेत कोणी उरलं नव्हतं. बाप आणि दोन भाऊ एकाच होडीतून मासे धरायला गेले होते, ते परत आलेच नाहीत. एक बहीण होती, पण तिच्या दोन खोल्यांत आधीच नऊ माणसं निजत. पाच वर्षांच्या लेटीला घेऊन तिथे कुठे जायचं?

तिसऱ्या आठवड्यापासून मागण्या यायला लागल्या. आधी बँडातला एक तुतारीवाला आला, मग दाढदुखीने गाल सुजलेला एक स्वयंपाकी. किझायाने दोघांनाही दारातूनच वाटेला लावलं. शेजारच्या खोलीतल्या मिसेस पिंडरला ते पटलं नाही.

“लाजायचं काय त्यात, पोरी? माझा पहिला पटकीने गेला, दुसरा काबूलच्या वाटेवर. हा तिसरा. याला हाक मारताना अजून माझी जीभ दुसऱ्याच्या नावाकडे वळते. तोही ओ देतो बिचारा.”

सार्जंट एमॉस थर्कल सगळ्यांत शेवटी आला. चौतिशीचा, हाडापेराने मोठा, दारूच्या वाटेला न जाणारा माणूस. रूबेन त्याच्याच तुकडीत होता. त्या दिवशी मागची बाजू सांभाळून नाल्यातून सर्वांत शेवटी थर्कल बाहेर पडला, आणि तेही खांद्यावर दोन रायफली घेऊन, असं सगळी छावणी सांगत होती. दुसरी रायफल रूबेनची. मेलेल्याचं हत्यार त्या डोंगरातल्या आफ्रिदी पठाणांच्या हाती पडू दिलं नाही म्हणून त्याच्या नावाची शौर्यपदकासाठी शिफारस झाली होती.

तो किझायासमोर स्टुलावर बसला आणि बराच वेळ स्वतःच्या बुटांकडे बघत राहिला.

“मला बोलता येत नाही फारसं,” तो म्हणाला. “पोरीची आबाळ होणार नाही. तुमचीही नाही.”

“मला विचार करू द्या, सार्जंट.”

मार्चमध्ये छावणीच्या चर्चमध्ये लग्न लागलं. किझायाने त्याला अहो-जाहो करायचं सोडलं नाही. रूबेनचा सार्जंट तो, जीभ वळेना. नवरा म्हणून त्याला नाव ठेवायला जागा नव्हती. पगार आणून हातात ठेवी. लेटीला मांडीवर घेऊन पाटीवर अक्षरं गिरवून घेई, आणि पोरगी त्याच्या मिशा ओढत त्याला बाबा म्हणू लागली होती. पहिल्यांदा म्हणाली तेव्हा तो उठून बाहेर गेला. किझायाला वाटलं, किती हळवा आहे हा माणूस.

एप्रिलच्या मध्यावर, बराकींच्या भिंती उन्हाने तापू लागल्या असताना, जोनास ट्यूक रावळपिंडीच्या इस्पितळातून परतला. रूबेनच्या गावचा, लहानपणापासूनचा दोस्त. त्याचा डावा हात कोपराच्या वर कापला होता. पलटणीतून नाव कमी झालेलं, आता सामान घेऊन देवळालीला जायचं आणि तिथून घरच्या बोटीत बसायचं. किझायाने त्याला ओसरीवर बसवलं, चहा दिला. तो पेल्याकडे बघत होता, तिच्याकडे नाही.

“किझी, तुला काय सांगितलं त्यांनी?”

“डोक्यात गोळी लागली. जागीच गेला.”

“कोण म्हणालं?”

“सार्जंट. शेवटी तेच होते ना त्याच्याजवळ.”

“होता खरा,” जोनास म्हणाला.

“जोनास, मी लग्न केलंय त्यांच्याशी.”

त्याने पेला खाली ठेवला आणि उठला. “मग मी निघतो.”

“बस खाली.”

“किझी, काही गोष्टी माहीत नसलेल्या बऱ्या असतात.”

“बस म्हणते ना.”

तो बसला. आणि मग खाली मान घालून, मध्ये न थांबता त्याने सगळं सांगितलं.

त्या दिवशी सकाळी तुकडीने एक गाव पेटवलं होतं. मक्याची कणसं, भुसा, घरांचे वासे, काही म्हणजे काही ठेवलं नव्हतं. परतताना आफ्रिदी मागे लागणार हे शेंबड्या पोरालाही कळलं असतं. लागलेच. मागे राहिलेल्या आठ जणांवर नाल्यात तिन्ही बाजूंनी गोळ्या येऊ लागल्या. जोनासचा हात गेला आणि तो एका दरडीखालच्या खळग्यात कोसळला. तिथून त्याला दिसत होतं, ऐकू येत होतं, पण तोंडून आवाज फुटत नव्हता. दहा पावलांवर रूबेन होता. त्याच्या गुडघ्याची वाटी फुटली होती. थर्कल धावत आला.

“रूबेन हसत होता गं. म्हणाला, ‘सार्जंट, माझा नाच संपला, पाठीवर घ्या.’ थर्कलने वर डोंगराकडे बघितलं. मग वाकून याची रायफल उचलली. रूबेन म्हणाला, ‘ती कशाला नेता?’ तर म्हणे, ‘त्यांच्या हाती पडता कामा नये, हुकूम आहे. डोली पाठवतो.’ रूबेन म्हणाला, ‘मग एक काडतूस घालून रायफल राहू द्या माझ्यापाशी, डोली येईपर्यंत.’ तोवर तो पळत सुटला होता.”

किझायाने त्याच्यापुढचा पेला बाजूला सरकवला.

“रूबेन हाका मारत होता. आधी थट्टेत मारल्या. ‘डोली पाठवा हो सार्जंट, गादीवाली पाठवा.’ मग थट्टा संपली.”

“किती वेळ?”

“ऊन डोंगरामागे जाईपर्यंत.”

“मग?”

“मग वरून माणसं उतरली. पुढचं विचारू नको. त्यांचीही घरं अजून जळत होती.” जोनासने बाहीने तोंड पुसलं. “मला दुसऱ्या दिवशी सकाळी गुरखा पलटणीच्या शिपायांनी उचललं. मी डॉक्टरला सांगितलं, कॅप्टन ऑर्डला सांगितलं. कॅप्टन म्हणाला, याला ताप आहे, याचं बोलणं लिहून घेऊ नका.”

दुसऱ्या दिवशी किझाया जखमींच्या डोल्या वाहणाऱ्या कहारांच्या वस्तीत गेली. त्या मोहिमेवर गेलेला बुधई नावाचा कहार अजून छावणीत होता. हाताच्या खुणा आणि मोडकीतोडकी हिंदुस्तानी यांवर तिने विचारलं. म्हाताऱ्याने आधी कानावर हात ठेवले. ती उठेना, तेव्हा तो हळूच बोलला.

“आम्ही डोली घेऊन नाल्याच्या तोंडाशी आलो होतो, मेमसाहेब. सार्जंटसाहेबांनी परत फिरवलं. म्हणाले, तिकडे आता कोणी नाही. आम्ही म्हटलं, साहेब, हाक ऐकू येतेय. ते म्हणाले, कोल्हे ओरडताहेत.”

ती घरी आली तेव्हा थर्कल लेटीला ‘जे’ अक्षर गिरवायला शिकवत होता. रायफल भिंतीशी होती, गोळ्या पेटीत. किझाया दारात उभी राहून त्याच्या मानेकडे बघत राहिली. कुठे मारायचं हेही तिने ठरवलं. मग तिच्या डोळ्यांपुढे फाशीचा खांब आला, आणि डोंगरावरच्या सैनिकी अनाथालयात रांगेत उभी असलेली लेटी आली. शिवाय गोळीने तो एका क्षणात सुटला असता. रूबेन ऊन कलेपर्यंत सुटला नव्हता.

तिने लेटीला मिसेस पिंडरकडे पाठवलं आणि दार लावून घेतलं.

“कोल्हे किती होते रे?” तिने विचारलं.

तिने त्याला अरे-तुरे केलं ते पहिल्यांदाच. थर्कलच्या हातातली पाटीवरची पेन्सिल खाली पडली. त्याने उचलली नाही. काही नाकारलंही नाही.

“माझ्यावर डोळा होता तुझा? म्हणून ठेवलंस त्याला तिथे?”

“नाही. तुझा विचारही नव्हता मनात. मी भ्यालो. वर बघितलं तर ते उतरत होते. पाठीवर माणूस घेऊन मी पोचलो नसतो. रायफल आणली तर कोणी काही विचारणार नाही, एवढंच सुचलं.”

“आणि कहारांना परत फिरवलंस?”

“ते गेले असते तर त्याने सांगितलं असतं.”

“आणि लग्न?”

“तुम्हा दोघींना कोणी नव्हतं.”

किझायाला वाटलं होतं, हा म्हणेल की तू मला हवी होतीस. ते तिला समजलं असतं. तसल्या माणसाचा मनापासून द्वेष करता आला असता. पण भीती? बाजारातल्या कुत्र्यालाही वाटते ती? एवढ्याशा गोष्टीपायी तिचा रूबेन दिवसभर हाका मारत राहिला, आणि वर हा माणूस तिला भाकरी घालून पुण्य जोडत होता.

“तू मला सोडून जा,” थर्कल म्हणाला. “मी काही म्हणणार नाही.”

“मी कुठेही जात नाही,” ती म्हणाली. “लग्नाची बायको आहे मी तुझी.”

दुसऱ्या दिवशी ती नेहमीसारखी शिवणाला बसली. तुकडीतले सत्तर-ऐंशी शिपाई उसवलेले शर्ट, फाटलेले पायमोजे तिच्याकडे टाकत आणि संध्याकाळी न्यायला येत. जो आला त्याला तिने दोन मिनिटं बसवलं, आणि शर्ट हातात देताना गोष्ट सांगितली. रडली नाही, शिव्या दिल्या नाहीत, पदरचं काही घातलं नाही. जोनासने सांगितलं ते, बुधईने सांगितलं ते. ज्यांना पटलं नाही ते जोनासकडे गेले, आणि परतताना त्यांची तोंडं वेगळी होती. आठवड्याभरात तुकडीत गोष्ट माहीत नाही असा माणूस उरला नाही.

मग सुरुवात झाली. थर्कल कवायत घ्यायचा. हुकूम पाळला जायचा, पाय बरोबर पडायचे, पण रांग सुटली की मागून कोणीतरी अगदी मऊ आवाजात म्हणायचं, “डोली पाठवा, सार्जंट.” तो गर्रकन वळायचा. चाळीस चेहरे सरळ समोर बघत असायचे. एक-दोघांना त्याने शिक्षा केली. ती त्यांनी हसत भोगली. सार्जंटांच्या खाणावळीत तो बसला की दोन्ही बाजूंच्या खुर्च्या हळूहळू रिकाम्या होत. संडासाच्या भिंतीवर कोळशाने डोली काढलेली असे, पुसली की पुन्हा. एका माणसाने तर त्याच्यासमोर कोल्ह्यासारखं ओरडून दाखवलं आणि वर तोंड करून म्हणाला, “घसा साफ करतोय, सार्जंट.”

कॅप्टन ऑर्डने किझायाला कचेरीत बोलावून घेतलं. तिशीचा, गोरागोमटा, बोलायला गोड.

“मिसेस थर्कल, तुमचं दुःख मी समजू शकतो. पण पलटणीच्या नावाचा विचार करा. वर्तमानपत्रांत त्या दिवसाचं कौतुक छापून आलंय.”

“मी वर्तमानपत्र वाचत नाही, साहेब. मी शर्ट शिवते.”

“हे बोलणं थांबलं नाही तर तुम्हाला छावणीतून काढावं लागेल.”

“काढा. मग मी बाहेर बाजारात बसून सांगेन. तिथे गर्दी जास्त असते.”

कॅप्टनने तिला काढलं नाही. त्याऐवजी थर्कलने मागितलेली बदली चटकन मंजूर केली. मुलतानच्या कोठारावर, पलटणीपासून दूर. ज्या दिवशी हुकूम आला त्या दिवशी थर्कल कित्येक आठवड्यांनी पोटभर जेवला. तिला म्हणाला, “तू इथेच राहा मिसेस पिंडरपाशी. मी पैसे पाठवीन.”

किझायाने पलंगाखालून ट्रंक ओढली. “उन्हाळ्यात मुलतानला फार धूळ असते म्हणे,” ती म्हणाली. “पडदे घ्यायला हवेत.”

मुलतानला पोचल्यावर चौथ्या दिवशी तिने तिथल्या बायकांना चहाला बोलावलं. दहाव्या दिवशी कोठारातला एक गोदाम-शिपाई पोत्यांच्या थप्पीआडून म्हणाला, “डोली पाठवा, सार्जंट.” थर्कल पोत्यावर बसला तो संध्याकाळपर्यंत उठला नाही.

तो पिऊ लागला. आयुष्यात न घेतलेली दारू त्याला लवकर चढे, आणि चढली की तो कोपऱ्यात बसून थरथरत राही. त्याने तिच्यावर कधी हात उगारला नाही. उगारला असता तर तिला बरं वाटलं असतं. रोज सकाळी ती त्याच्यासमोर चहा ठेवी आणि विचारी, “काय केलंस ते आज कोणाला सांगणार आहेस?” तो नकाराची मान हलवी. मुलतानच्या त्या उन्हाळ्याच्या आगीत लोकांना झोप लागत नव्हती, भिस्ती दिवसातून दहा वेळा पडद्यांवर पाणी मारत. किझाया मात्र शांत झोपे. तिचं वजन वाढलं. आरशात बघताना तिला स्वतःचं नवल वाटे, पण थांबावंसं वाटत नसे.

लेटीला तिने यातलं अक्षरही कळू दिलं नव्हतं. आईबद्दल पोरीची एकच तक्रार होती, की ती बाबांशी नीट बोलत नाही. थर्कल शुद्धीवर असेल तेव्हा तिला खांद्यावर घेऊन किल्ल्याकडे जाई. त्या तासाभरात त्याचा चेहरा पूर्वीसारखा होई. किझाया ते खिडकीतून बघे आणि लक्षात ठेवी.

नोव्हेंबरात हुकूम आला. रावळपिंडीला जनरलच्या हस्ते पदकं वाटायची होती, सार्जंट थर्कलने हजर व्हावं. त्याची जुनी पलटणही तिथेच येणार होती. ती तिघंही आगगाडीने गेली. समारंभाच्या दिवशी सकाळी थर्कल गणवेश चढवून बसला होता. बटणं चकचकीत होती. लेटी बाहेर इतर मुलांबरोबर घोडे बघत होती.

“आज तू ते छातीवर लावून घेतलंस,” किझाया म्हणाली, “तर आज दुपारी मी लेटीला बसवून सगळं सांगणार. हसून मारलेल्या हाकांपासून.”

“ती सहा वर्षांची आहे, किझाया.”

“पाच वर्षांची असताना तिचा बाप गेला.”

“मला मारून टाक. पण तिला सांगू नको.”

“तुला मारून मला काय मिळणार? तूच ठरव.”

मैदानावर दोन पलटणी तीन बाजूंनी उभ्या होत्या. बायकामुलं दोरीपलीकडे. कारकुनाने शिफारस वाचून दाखवली: शत्रूच्या भडिमारात शेवटपर्यंत मागे राहून, मृत साथीदाराची रायफल परत आणली, वगैरे. थर्कल पावलं मोजत जनरलसमोर जाऊन उभा राहिला. जनरलने उशीवरून पदक उचललं, आणि तेवढ्यात थर्कल बोलला. कवायतीचा आवाज त्याचा, मैदानाच्या टोकापर्यंत पोचला.

“साहेब, तो मेलेला नव्हता. गार्बट जिवंत होता. मी त्याची रायफल काढून घेतली आणि त्याला सोडून पळालो. त्याच्याकडे येणाऱ्या डोलीला मी परत फिरवलं. हे सर्व खरं आहे.”

जनरलचा हात तसाच राहिला. मग कॅप्टन ऑर्ड तरातरा पुढे आला, पण बोलायचं ते बोलून झालं होतं. दोन शिपाई थर्कलला घेऊन जायला आले. त्याच्याच तुकडीतले. त्यांच्या मधून चालताना त्याची पाठ ताठ होती, इतक्या महिन्यांत कधी नव्हती तेवढी. किझायाने ते पाहिलं आणि तिला ते मुळीच आवडलं नाही. त्याच्या खांद्यावरचं काहीतरी उतरलं होतं, आणि ते तिनेच उतरवलं होतं.

कोर्ट-मार्शल तीन दिवस चाललं. बुधईने साक्ष दिली. जोनास विलायतेला पोचला होता. त्याचं पहिल्या वेळचं बोलणं कोणी लिहूनच घेतलं नव्हतं, हेही तिथे उघड झालं, आणि कॅप्टन ऑर्ड पुढच्याच महिन्यात रजेवर गेला. थर्कलने आपल्या बचावात एक शब्द काढला नाही. त्याचे हुद्द्याचे पट्टे उतरवले, नाव पलटणीतून काढलं आणि पाच वर्षं सक्तमजुरी ठोठावली. जायच्या आदल्या दिवशी त्याने निरोप पाठवला की लेटीला एकदा भेटू द्यावं. किझायाने उत्तर पाठवलं नाही.

आता तिला कोणाचीच बायको म्हणून खोली मिळणार नव्हती. मिसेस पिंडर स्टेशनवर पोचवायला आली, लेटीच्या हातात बिस्किटांची पुडी दिली आणि किझायाकडे बराच वेळ बघत राहिली.

“गार पडलं का गं आता काळीज?” तिने विचारलं.

“नाही,” किझाया म्हणाली.

“मला वाटलंच होतं. माझं कधी इतकं तापलंच नाही, म्हणून मी तीन केले.”

देवळालीच्या छावणीत बोटीची वाट बघत त्या दोघी सव्वा महिना राहिल्या. थंडीचे दिवस होते, डोंगर कोरडे पिवळे. लेटी आईशी फारसं बोलत नव्हती. इतर पोरींबरोबर खेळायची, आणि परत येऊन पाटी घेऊन भिंतीकडे तोंड करून बसायची. बाबा कुठे गेले हे आईने तिला एकाच वाक्यात सांगितलं होतं: त्यांनी एक वाईट गोष्ट केली, सरकारने शिक्षा दिली. काय केलं ते सांगितलं नव्हतं. थर्कलने पदक लावून घेतलं नव्हतं, म्हणून किझायानेही आपला शब्द पाळला.

बोटीची तारीख लागली त्या दिवशी दुपारी ट्रंक भरताना लेटी जवळ येऊन उभी राहिली.

“शिक्षा किती आहे?”

“पाच वर्षं.”

लेटीने बोटं मोजली. एक हात संपला, दुसऱ्या हाताचं एक बोट दुमडलं, पुन्हा पहिल्यापासून मोजलं.

“मग मी अकरा वर्षांची असेन,” ती म्हणाली, आणि तिचा चेहरा खुलला. “अकरा म्हणजे काही फार नाही.”

किझायाने झाकण लावलं, त्यावर गुडघा दाबून कडी घातली.

“नाही,” ती म्हणाली. “फार नाहीच.”

पाच वर्षं. तिलाही ती फारच थोडी वाटत होती.